शेवटच्या जागेवरची वाटी

त्या सकाळचा धक्का अजून माझ्या हातातून गेलेला नाही. कुठलंही भांडं अचानक गार लागलं तरी काळजात धस्स होतं. ते समजायला आधी आमचा धातू सांगायला हवा.

त्याला उबारा म्हणतात. दिसायला कळकट पितळेसारखा, बाजारात कुणी फुकट दिला तरी घेणार नाही. पण ओतल्यावर तो निवत असताना माणसानं त्यात अंगठा दाबला, की भाजत नाही, आणि त्या माणसाच्या अंगाची ऊब त्यात राहते. तो माणूस आहे तोवर. गेला, की त्याच क्षणी वाटी गार. हे कसं, ते मला विचारू नका. आबांनाही सांगता यायचं नाही. “भट्टीला इचारा,” म्हणायचे.

पडेगावच्या पुढं, दौलताबादच्या रस्त्याला आमच्या जमातीचा, म्हणजे हा धातू ओतणाऱ्या कारागिरांचा, पत्र्याच्या शेडमधला कारखाना आहे; अंगणापलीकडं आमचं घर. आबा, म्हणजे माझे वडील, तिथले उस्ताद. गिऱ्हाईक बहुतेक आया. पोरगा फौजेत, पोरगी अमेरिकेत. जाण्याआधी त्यांचा अंगठा घेऊन वाटी करायची आणि देवघरात ठेवायची. रोज व्हिडिओ कॉल करणाऱ्या बायासुद्धा वाटी नेतातच. मला त्याचं हसू यायचं.

जमातीत येणाऱ्यानं पहिली वाटी स्वतःची करायची आणि भट्टीशेजारच्या फळीवर ठेवायची. तिच्यावर नाव घालायचं नाही, जागा हेच नाव. पहिली जागा उस्तादांची, पुढं वयाप्रमाणं बाकीचे. सगळ्या वाट्या एकाच साच्यातल्या. तळाचा अंगठ्याचा खळगा तेवढा ज्याचा त्याचा. सकाळी आल्यावर प्रत्येकानं आपल्या वाटीवर हात ठेवायचा आणि कामाला लागायचं. दुसऱ्याच्या वाटीला मात्र शिवायचं नाही. कुणाच्या जिवाची अशी चोरून चौकशी करू नये, असं आबा म्हणत. दसऱ्याच्या आधी फळी पुसण्याची ज्याची पाळी, त्यालाच काय ती मुभा.

माझा धाकटा भाऊ वाळूजला कंपनीत लागला, तेव्हा आबांनी त्याच्याशी बोलणं टाकलं. भट्टी सोडणाऱ्याची वाटी फळीच्या शेवटी जाते. आबांनी सगळे घरी गेल्यावर एकट्यानंच ती हलवली. “आता त्याचं मला काय सांगू नका,” एवढंच म्हणाले. भाऊ सणावाराला मोटारसायकलवरून यायचा, माझ्याकडं जेवायचा, निघून जायचा. आबा तोवर अंगणात पाठ फिरवून बसायचे. मला दोघांचाही राग यायचा, आबांचा अंमळ जास्तच. आणि हेच आबा रोज सकाळी पहिल्या जागेवरच्या वाटीवर हात ठेवून बराच वेळ उभे राहायचे. म्हातारा स्वतःच्या जिवाला लई जपतो, असं आम्ही त्यांच्या मागं म्हणायचो.

त्या वर्षी फळी पुसायची पाळी माझी होती. आबांची वाटी पुसली, उबदार. पुढच्या सगळ्या उबदार. शेवटी भावाची उचलली आणि ती गार लागली.

मी ती पदरानं पुसली, दोन्ही हातांत धरली, गालाला लावली. गार. कुणीतरी माझ्या हातातली वाटी बघितली आणि घणांचे आवाज एकेक करून थांबले. भावाला फोन लावला. नुसता वाजत राहिला. डोळ्यांपुढं वाळूजचा रस्ता, ट्रक, त्याची मोटारसायकल.

मी अंगणात धावले. आबा खाटेवर भिंतीला टेकून, ऊन लागू नये म्हणून रुमाल डोळ्यांवर ओढून बसले होते. चहाचा कप शेजारी होता.

“आबा, त्याची वाटी गार पडली,” मी म्हणाले.

ते हलले नाहीत.

माझं डोकंच फिरलं. “आतातरी बोला की. पोटचं पोरगं हाय तुमचं.” तरीही काही नाही. एवढा कठोर माणूस मी आयुष्यात बघितला नव्हता. मी पाठ फिरवून आत गेले. जमातीतले दोघे गाडी काढून वाळूजकडं निघाले, आणि मी भावाचा फोन पुन्हा पुन्हा लावत बसले.

मग त्याचाच फोन आला.

“ताई, काय झालं? मोबाईल लॉकरमधी असतो, चहाच्या सुट्टीत बघितला. एवढे कॉल कामून?”

मी विचारलं, “तू नीट हाय ना?”

“व्हय. मला काय झालंय?”

मी रडत, हसत पुन्हा अंगणात गेले. वाटी खोटी ठरली होती, आणि आमच्या जमातीत असं कधी झालं नव्हतं. पण त्या घडीला मला त्याचं काहीच वाटलं नाही. “आबा, जिता हाय तो. आत्ता बोलला माझ्याशी,” असं म्हणून मी त्यांचा हात धरला.

हात गार होता. वाटीइतकाच.

रुमाल मी बाजूला केला नाही. ते मला जमलंच नाही. आतले लोक बाहेर आले, त्यांनी केला.

भाऊ आला तेव्हा मी फळीपुढं उभी होते. आबा गेले होते आणि पहिल्या जागेवरची त्यांची वाटी उबदार होती. माझी अक्कलच चालेना. भावानं ती उचलली, तळाच्या खळग्यात अंगठा ठेवला. अंगठा चपखल बसला.

“ताई, ही माझी हाय,” तो म्हणाला. “हितं कुणी ठेवली?”

दुसऱ्याच्या वाटीला शिवायचं नाही, हा नियम आबांनी कधी मोडला नसता. म्हणून त्यांनी स्वतःची वाटी शेवटी ठेवून भावाची पहिल्या जागेवर आणली होती; जागा हेच नाव. वाळूजच्या रस्त्यावरचं आपलं पोरगं नीट आहे ना, हे ते रोज सकाळी सगळ्यांसमोर हात ठेवून बघत होते.