तो आवाज तिचा नव्हता

मोइरावहिनी गेली तेव्हा मी हॉस्पिटलातून नुकतीच घरी आंघोळीला आले होते. नर्सचा फोन आला, ओल्या केसांनीच मी पुन्हा चपला पायात सरकवत होते, तेवढ्यात दुसरा फोन वाजला. जयंतरावांचा. बडोद्यातलं मराठी नाटक म्हणजे जयंतराव, असं निदान जयंतराव तरी समजतात. बातमी त्यांना इतक्या लवकर कशी कळली, देव जाणे. "शालूताई, फार वाईट झालं हो... आपल्या बडोद्याची विलायती सून गेली," असं म्हणून त्यांनी एक उसासा टाकला, आणि तो उसासा पुरता संपायच्या आत, "बरं, तिचा तो नथीतला फोटो आहे ना तुमच्याकडे? फ्लेक्ससाठी लागेल." अहो, माणूस अजून गार पडलं नव्हतं! मी फोन ठेवून दिला. खरं सांगते, मला रडू आलं नाही, संताप आला. आता इतके आठवडे झाले तरी तो काही जात नाही, म्हणून हे लिहायला बसले आहे.

मी तिची नणंद. माझा थोरला भाऊ अरविंददादा इंजिनिअरिंग शिकायला ग्लासगोला गेला होता. तिथली थंडी त्याला सोसेना, म्हणून संध्याकाळी एका उबदार नाटकगृहात जाऊन बसायचा. रंगमंचावर मोइरा असायची. बाप गोदीत जहाजं जोडणारा, घरात नाटकाचं नावही नाही, पण ही पोरगी शाळेत असल्यापासून नकला करून सगळ्यांना बेजार करायची म्हणे. नाट्यशाळेत रीतसर शिकली, एडिनबराला मोठ्या भूमिका केल्या, मग टीव्हीवरच्या मालिकेत हॉस्पिटलातली खडूस मेट्रन झाली, दोन-चार सिनेमेही केले. पण लंडनला गेली की तिच्या वाट्याला मोलकरीणच यायची. "मी तोंड उघडलं की लोक हसायचे, वन्सं," ती मला सांगायची. "वाक्य काही का असेना. स्कॉटिश बाई बोलली, हसा! मी अगदी स्वच्छ बोलून दाखवायचे, तर दिग्दर्शक म्हणायचा, नको नको, तुझं ते गावठीच बोल." हे सांगताना तिच्या नाकपुड्या फुलायच्या. या सगळ्याचा वीट येऊन ती दादाशी लग्न करून बडोद्याला आली, असं मी म्हटलं की दादा गाल फुगवून बसायचा. "म्हणजे माझं काहीच नाही का त्यात?"

लग्नात तांदळाच्या ताटात दादाने अंगठीने तिचं नवं नाव लिहिलं, मीरा. तिने भटजींनाच विचारलं, हे काय लिहिलंय? अर्थ कळल्यावर तिने शांतपणे तळव्याने तांदूळ सारखे केले, दादाच्या हातातून अंगठी घेतली आणि तिच्या लिपीत लिहिलं, मोइरा. मांडवात सगळे एकमेकांकडे बघायला लागले. आमची आईच शेवटी म्हणाली, "असू दे की. तोंडात बसतंय नाव." तेव्हापासून सासू-सुनेचं जे गूळपीठ जमलं, त्यात आम्हा भावंडांना जागाच उरली नाही.

मराठी तिला आईनेच शिकवलं, आणि त्याचं साधन होतं बाटलीचं एक बूच. आमच्या दारूबंदीच्या गुजरातेत, सोवळ्यातल्या आईच्या स्वयंपाकघरात, वाइनच्या बाटलीचं बूच! पहिल्यांदा खिडकीत ते पाहून आईचे डोळेच पांढरे झाले. "ही पिते की काय गं?" मला कोपऱ्यात ओढून तिने विचारलं. पीत नव्हती. नाट्यशाळेतली सवय होती ती. रोज सकाळी दुधाखालचा गॅस बारीक करून वहिनी ते बूच पुढच्या दातांत धरायची आणि बोलायची. बूच असताना शब्द स्वच्छ आला तर काढल्यावर खणखणीत येणारच. बाळ, काळ, फळा, गोळा... आई भाजी चिरता चिरता कान देऊन ऐकायची आणि "पुन्हा" म्हणायची. "चहा"तला च आणि "चमचा"तला च वेगवेगळा म्हणायला लावायची. वर्ष-दीड वर्ष ही शाळा चालली. नाट्यशाळेतल्या मास्तरांपेक्षा तुझी आई कडक आहे, अशी तक्रार वहिनी दादाकडे करायची. आणि मग असं झालं की वहिनीच्या मराठीत आईचा सूरच उतरला. इंग्रजी बोलताना तिचा आवाज खाली, घशातून, खरखरीत यायचा. मराठी बोलताना तोच आवाज वर चढायचा, आईसारखा किंचित नाकात, वाक्याच्या शेवटी ठसका देऊन. फोनवर नातेवाईक तिला आई समजून अर्धा अर्धा तास गप्पा मारायचे आणि तीही मारू द्यायची, डांबरट कुठली!

इथल्या मराठी नाट्यमंडळाच्या नाटकात तिला पहिली भूमिका मिळाली ती थोरल्या जावेची. साधी, संसारात पिचलेली, मनात गाठ असलेली बाई. जयंतरावच दिग्दर्शक. पडदा उघडला तेव्हा प्रेक्षकांत कुजबुज झाली, गोरी बाई आली म्हणून. पण पहिला प्रवेश संपेपर्यंत ती कुजबुज थांबली, आणि दुसऱ्या अंकात ती धाकटीच्या ताटात भाकरी वाढून मान फिरवते तिथे माझ्या शेजारची बाई चक्क रडायला लागली. नाटक संपल्यावर तीच बाई विंगेत आली आणि रंग पुसून बसलेल्या वहिनीलाच विचारायला लागली, "मोठ्या जाऊबाई कुठे गेल्या हो? मला त्यांना भेटायचंय." वहिनीने तिचे दोन्ही हात धरले. इतकी खुश मी तिला पुन्हा कधी पाहिली नाही. घरी येईपर्यंत रिक्षात ती पदराने डोळे पुसत होती आणि हसत होती.

आणि जयंतराव? दुसऱ्या दिवशी चहाला आले आणि कपाळाला आठ्या घालून म्हणाले, "काम उत्तम झालं. पण गंमत अशी झाली, की लोक विसरूनच गेले हो तुम्ही परदेशी आहात ते. मग तुम्हाला घेऊन उपयोग काय?" मी समोर बसले होते. ते हे अगदी मनापासून म्हणाले, वरून खाकरा मोडून तोंडात टाकला. पुढच्या नाटकात त्यांनी तिला कलेक्टरची मड्डम दिली, "टुमी काला आडमी" छाप. वहिनीने नाटकाची संहिता मिटून त्यांच्यापुढे ठेवली आणि म्हणाली, "हे मी लंडनमध्ये करून आलेय." त्यानंतर कितीतरी वर्षं ती रंगमंचावर गेली नाही. मंडळाच्या नव्या मुलींची वाणी मात्र घासून घ्यायची. बडोद्यातल्या आमच्या पोरी बाहेर गुजराती, कॉलेजात हिंदी, घरी धेडगुजरी. त्यांना "ळ" शिकवायला ग्लासगोची बाई! कुणाला याची लाज वाटली नाही, उलट मुलाखतीत सांगायला एक किस्सा मिळाला.

दादा गेल्यावर वहिनी बडोद्यातच हरणी भागात, आमच्याच सोसायटीत राहायला आली. तिथे एक दिवस जयंतराव पेढे घेऊन हजर. सिनेमा करतायत. खेड्यात तीस वर्षं राहिलेल्या एका स्कॉटिश नर्सची भूमिका. "खास तुमच्यासाठी लिहिलीय, वहिनी. शुद्ध मराठीत. गावातल्यांसारखीच झालेली बाई आहे ती." वहिनीने पूर्ण संहिता वाचल्याशिवाय हो म्हटलं नाही. मग मात्र बूच पुन्हा खिडकीतून खाली आलं. शेवटच्या प्रसंगात ती एका मरणाऱ्या बाईच्या उशाशी बसते. संवाद अगदी एवढासा, "घाबरू नकोस. मी इथेच बसलेय. झोप तू." हे तीन तुकडे ती महिनाभर घोळवत होती. आवाज कुठे खाली घ्यायचा, "झोप तू" मध्ये "तू" वर किती थांबायचं... मी वैतागून म्हणायचे, "वहिनी, झोपली गं ती बाई केव्हाच!" चित्रीकरणाच्या दिवशी दिवे धरणारी माणसंसुद्धा नाक ओढत होती, हे मी डोळ्यांनी पाहिलंय.

अलकापुरीतल्या थिएटरात पहिला खेळ होता. वहिनीने आईची जांभळी पैठणी नेसली होती. पडद्यावर तिचा चेहरा आला, ओठ हलले, आणि आवाज आला दुसऱ्याच बाईचा. "काय बोलटा टुमी? डवा घेटला का नाय?" मला वाटलं यंत्र बिघडलं. वहिनीकडे पाहिलं तर ती खुर्चीचे दोन्ही हात पकडून बसलेली. पूर्ण सिनेमाभर असंच. गाव हसतंय, थिएटर हसतंय. तो शेवटचा प्रसंग आला, आणि "टुमी घाबरू नाय, मी इठेच बसला," म्हणून ती बाई बोलली, तेव्हा त्या मरणाच्या खाटेवरही लोक हसले. शी! तेव्हापासून मी त्या थिएटरात पाऊल टाकलेलं नाही.

बाहेर जयंतरावांनी काय सांगावं? सिनेमा आधी काही लोकांना दाखवला होता. ते लोक म्हणाले, गोऱ्या बाईला कुणातरी मराठी बाईचा आवाज दिलाय, ते खोटं वाटतं. "म्हणजे तुम्ही इतकं चांगलं बोललात वहिनी, की ते तुमचं वाटेचना! मग आम्हाला जरा खरं वाटेल असं करावं लागलं." खरं वाटेल असं! वहिनीने फक्त एकच विचारलं, आवाज कुणी दिला, तिचं नाव काय? ते कुणाला माहीत नव्हतं. घरी येताना ती म्हणाली, "तिच्यावर रागावू नका, वन्सं. तीही पोटासाठीच करत असेल. मी नाही का केलं लंडनमध्ये?" एवढंच. नंतर त्या भूमिकेसाठी तिला कुठलंसं मानचिन्ह मिळालं. ते तिने घेतलं नाही, आणि कॅमेऱ्यापुढे पुन्हा कधी उभी राहिली नाही.

तर आता त्या शोकसभेकडे येते. इथे सगळे बेसणूं म्हणतात. सयाजीगंजमधला हॉल, दारात फ्लेक्स, फ्लेक्सवर नथ, आणि खाली ठसठशीत अक्षरांत "मीराबेन". तांदळातलं ते नाव तिने स्वतःच्या हाताने पुसलं होतं, ते यांनी मेल्यावर तिला चिकटवलं. भाषणं झाली. कातडी गोरी पण काळीज मराठी, पुरणपोळी काय सुंदर करायची, सणावाराला कशी नऊवारीत... एकजण उठून तिच्या अभिनयाबद्दल एक वाक्य बोलेल तर शपथ. पुरणपोळी तर तिला कधी धड जमली नाही हो, पुरण बाहेर यायचं! शेवटी दिवे मंद केले आणि जयंतराव गहिवरून म्हणाले, "आता ऐकूया... त्यांचा तो गोड, लाडका आवाज." आणि पडद्यावर तेच. "टुमी घाबरू नाय, मी इठेच बसला." हॉलभर हसू आणि हुंदके. शेजारची बाई मला म्हणाली, "केटलुं क्यूट!"

माझ्या डोक्यात तिडीक गेली. मी उठले आणि मोठ्याने म्हणाले, "बंद करा ते. हा तिचा आवाज नाही." सगळे वळून बघायला लागले. जयंतरावांनी माइकवरूनच, अगदी मऊपणाने, "शालूताई फार हळव्या झाल्यात... कुणी पाणी द्या त्यांना," म्हटलं. मी पुन्हा म्हणाले, "मी हळवी नाही, मी चिडलेय. हा आवाज दुसरीचा आहे आणि तो कुणी लावला हे तुम्हाला माहीत आहे." तोवर कुणीतरी माझ्या दंडाला धरून खाली बसवलं, हातात पाण्याचा ग्लास दिला, पाठीवरून हात फिरवायला लागलं. पडद्यावरचं चालूच राहिलं. मग मी ते पाणी पायाशी ठेवलं, चपला शोधल्या आणि घरी आले.

पण खरा घाव अजून बसायचा होता. वहिनीची नात रिया कॅनडात वाढली. मराठी तिला येत नाही, आजीशी सगळं बोलणं इंग्रजीत. दोन-तीन दिवसांनी तिने घरातल्या सगळ्यांना तीच चित्रफीत पाठवली, तिला कुणीतरी बडोद्याहून पाठवलेली. खाली बदामांची रांग आणि लिहिलं होतं, आजी मराठी बोलायची तेव्हा अशी वाटायची, मी हे माझ्या मुलांनाही ऐकवणार. आता हिला काय सांगू? पोर रडून रडून अर्धी झालेली. तिचा काय दोष? पण त्या घाणेरड्या आवाजात वहिनी पिढ्यान्‌पिढ्या बोलत राहणार, या विचारानेच माझ्या अंगावर काटा आला.

वहिनीच्या घराची किल्ली माझ्याकडे आहे. रोज सकाळी जाऊन खिडक्या उघडते. त्या दिवशी स्वयंपाकघरात गेले, खिडकीतलं बूच उचललं. दोन्ही कडांना तिच्या दातांचे खड्डे पडलेत. बूच एका हातात धरून मी फोन उघडला. आम्ही एकाच सोसायटीत, तरी ती मला रोज बोलून निरोप पाठवायची. टाइप करायचा तिला कंटाळा. शेवटचा निरोप हॉस्पिटलात जायच्या आदल्या दिवशीचा. "वन्सं, त्या दूधवाल्याला जरा झापा हो. आज पुन्हा दूध नासलं. आणि येताना कोथिंबीर आणा. मागच्या वेळसारखी पिवळी नको, डोळे उघडून बघून घ्या. चला, ठेवते." बस, एवढंच. त्यात ना नाटक, ना सिनेमा. तोच मी रियाला पाठवून दिला, काही न लिहिता. म्हटलं, ऐकल्यावर तिचं तिलाच कळेल.

थोड्या वेळाने उत्तर आलं. छान आवाज आहे, शालूआजी. ही बाई कोण?

मी बूच मुठीत घट्ट धरून तशीच ओट्याला टेकून उभी राहिले. मग तोच निरोप तिला पुन्हा पाठवला आणि खाली लिहिलं, तुझी आजी. परत ऐक.