सासू माझ्या लाइनीत

लग्न होऊन मी नाकाडोंगरीजवळच्या सासरी आले, तेव्हा माझी सासू धान रोवणाऱ्या बायांची पुढारी होती. कुणाच्याही बांधीत, म्हणजे धानाच्या खाचरात, रोवणी असली की शेतमालक आधी आमच्या दारात येऊन उभा राहायचा. कोणत्या बाया घ्यायच्या, कुणाकडे आधी जायचं, जेवायला कधी बसायचं, सगळं तीच ठरवायची. मी आंबागडची. माझे हात हळू चालायचे, आणि बारावी पास झाल्यामुळे ते आणखीच हळू झालेत असं तिचं मत होतं. हे मत ती चिखलात वाकल्या वाकल्या, चार बांध्यांपलीकडे ऐकू जाईल अशा आवाजात मांडायची.

"पुस्तक वाचून राहिली का वं तिथं? हात चालव!"

सगळ्या बाया हसायच्या. मीही हसायचे. दुसरं काय करणार, दोन्ही पाय चिखलात रुतलेले.

मग आमच्या गावात प्रगती आली. रोवणीचं यंत्र आलं, कापणीला हार्वेस्टर आला, आणि बायांना कळवण्यात आलं की त्यांचे कष्ट आता वाचले. कष्टांबरोबर मजुरीही वाचली, फक्त ती दुसऱ्याच्या घरात वाचली. पुढे तुमसरच्या रस्त्यावर पोह्यांचा कारखाना उभा राहिला. आमचंच धान तिथं भिजायचं, भाजायचं, चपटं व्हायचं आणि चकचकीत पाकिटात बसून आमच्याच किराणा दुकानात परत यायचं. पाकिटावर एक शेतकरी हसत उभा होता. त्याच्या कपड्यांवर चिखलाचा एक ठिपका नव्हता, त्यामुळे तो आमच्याकडचा नाही हे उघड होतं.

पॅकिंगला बाया पाहिजे होत्या. सकाळी गाडी न्यायला येणार, बसून काम, डोक्यावर पंखा. सासू आणि मी, दोघीही लागलो. हिरवी कागदी टोपी सगळ्यांना सक्तीची होती. सासूनं ती आधी पदरावर घातली, मग टोपीवर पदर घेतला, आणि शेवटी कारखाना आणि ती, दोघांनीही आपापलं जिंकलं असं मानून घेतलं.

मॅनेजर नागपूरकडचा एक तरुण माणूस होता. त्यानं सगळ्यांचं शिक्षण विचारलं आणि मला लाइन इनचार्ज केलं. लाइन म्हणजे एक लांब टेबल आणि दोन्ही बाजूंना स्टूल. एकीनं पोहे तोलायचे, दुसरीनं भरायचे, तिसरीनं पाकिटाचं तोंड बंद करायचं. बायांचं तोंड बंद करायला भिंतीवर पाटी होती, 'काम करताना बोलू नये.'

"साहेब, लाइनीत माझ्या सासूबाई आहेत," मी सांगून पाहिलं.

"अरे वा! घरचीच टीम!" तो खूश झाला. त्याचं लग्न व्हायचं होतं.

बाथरूमला जायचं तर इनचार्जकडून लाल बिल्ला मागून घ्यायचा, गळ्यात घालायचा, परत आणून द्यायचा. हा बिल्ला ज्यानं शोधून काढला त्याच्या घरात सासू-सून एकत्र नांदत नसाव्यात. पहिले काही दिवस सासूनं बिल्ला मागितलाच नाही. ती पाणीच प्यायची नाही. संध्याकाळी गाडी दारात थांबली की थेट परसात धावायची. मला राहवेना. मी बिल्ला टेबलाच्या टोकाला ठेवून द्यायला लागले, म्हणजे ज्या बाईला लागेल तिनं उचलावा. मॅनेजरनं पाहिलं आणि मला बाजूला घेतलं. "मॅडम, कंट्रोल पाहिजे."

बिल्ला परत माझ्या हातात आला. एका दुपारी सासू उठली, माझ्यासमोर उभी राहिली आणि हात जोडून म्हणाली, "इनचार्जबाई, मले जाचं हाय. हुकूम देता का?"

पाटीचा मान न ठेवता सगळी लाइन हसली.

घरी पोहोचलो की तिची शिफ्ट सुरू व्हायची. मी चहापत्तीच्या डब्याला हात लावला की आवाज यायचा, "विचारून घे."

"चहाच तर ठेवते आहे, आई."

"मंग मी का तिथं बिल्ला घेऊन सिनेमा पाहाले जाऊन राहिलो होतो?"

नवरा ट्रॅक्टर चालवायचा. आमचं पेटलं की त्याला डिझेल आणायचं आठवायचं.

सासूच्या बाजूच्या स्टूलवर गावच्या बौद्ध वस्तीतली एक बाई बसायची. सासूच्याच वयाची, तिच्याच टोळीत वर्षानुवर्षं रोवणी केलेली. बांधीत दोघी खांद्याला खांदा लावून वाकायच्या. जेवायला बांधीच्या कडेला धुऱ्यावर बसल्या की मध्ये जागा सुटायची, आणि सासू तिला पाणी द्यायची ते गडव्यातून, वरून, ओंजळीत. एका चिखलात दोघींचे पाय चालायचे, एका गडव्याला दोघींचे हात चालायचे नाहीत. यावर गावात कुणाला काही बोलावंसं वाटत नव्हतं, कारण बोलणारे सगळे गडव्याच्या बाजूचे होते.

कारखान्यानं हे बदलायचं असं काही ठरवलं नव्हतं. त्यानं फक्त काटकसर केली. एक कूलर, एक नळ आणि साखळीनं बांधलेला एक स्टीलचा गिलास. सासू घरून बाटली आणायची. उन्हाळ्यात भट्टीकडून गरम वारा यायला लागला आणि बाटली दुपारच्या आतच रिकामी व्हायला लागली. एके दिवशी मी पाहिलं, ती कूलरसमोर गिलासाकडे बघत उभी आहे. मागे बाजूच्या स्टूलवरची.

"पे ना वं," ती म्हणाली. "मी सकाळपासून त्यातूनच पेऊन राहिलो. तुले मी कधी विचारलं का, तू काय पेते म्हणून?"

सासूनं गिलास नळाखाली धरला. मग प्याली. मग आणखी एक भरून प्याली, आणि तिसरा भरून मागे वळून तिच्या हातात दिला.

घरी ती यातलं काही बोलली नाही. मीही नाही. काही दिवसांनी दोघींचे डबे शेजारी शेजारी उघडायला लागले आणि अंबाडीची भाजी इकडून तिकडे जायला लागली. कारखान्याच्या मालकाला हे कळलं असतं तर त्यानं दुसरा गिलास नक्कीच घेतला नसता, पण फोटो काढून ऑफिसात लावला असता.

दिवाळी झाली. त्यानंतर आमच्याकडे गावोगाव मंडई भरते. जत्रा असते, लेकी माहेरी येतात, प्रत्येक घरात चुलीवर मटण शिजतं. मॅनेजर म्हणाला, ऑर्डर मोठी आहे, आणि मंडईची सुट्टी कॅलेंडरात नाही. ते कॅलेंडर एका सिमेंट कंपनीचं होतं, त्याला मंडई कुठून माहीत असणार? लाइनीला हे सांगायचं काम अर्थातच माझं.

मी सांगितलं. सासूनं मान वर न करता पाकीट भरलं. "माही पोरगी बपेऱ्यावरून येऊन राहिली. सांग तुह्या साहेबाले, मी नाही येत."

"माह्या घरीबी पाहुणे हायेत," बाजूची म्हणाली. मग एकेक करत सगळ्यांच्याच घरी पाहुणे निघाले.

मंडईच्या सकाळी गाडी दारात आली तेव्हा मी चुलीपाशी होते.

"तू जा," सासू म्हणाली.

"मी एकटी?"

"तू इनचार्ज हायस नं. तुहं नाव खराब होईल. घरचं मी पाहतो."

हा टोमणा होता की काळजी, ते मला आजही कळलेलं नाही. मी रिकाम्या गाडीत बसून गेले. मॅनेजरनं रिकामी स्टुलं पाहिली, माझ्याकडे पाहिलं आणि विचारलं, "टीम?"

"मंडईत."

मग त्यानं स्वतःच हिरवी टोपी घातली आणि पोहे तोलायला बसला. तोलता तोलता, त्याच पाटीखाली, तो सारखा बोलत होता. त्याची आई त्याच्यासाठी मुली बघत होती आणि एकही मुलगी कारखान्याशेजारी राहायला तयार नव्हती. दुपार कलली तेव्हा त्यानं टोपी काढली. "मंडईत मटण असतं म्हणे?"

मी त्याला घरी आणलं. सासूनं त्याला आधी हातपाय धुवायला लावले, मग पंगतीत बसवलं आणि नको म्हणायची सोय न ठेवता वाढलं. नणंद हसत होती, शेजारचे डोकावत होते. मला वाटलं, आता सगळं बरं होईल. जेवलेला माणूस खाल्लेलं विसरत नाही, अशी तेव्हा माझी समजूत होती.

होळीच्या सुमाराला यंत्र आलं. ते स्वतः तोलायचं, भरायचं, बंद करायचं. बोलायचं नाही आणि बिल्ला मागायचं नाही. त्याला एकच बाई लागत होती, बटन दाबायला, ती शक्यतो बारावी पास. लाइनीला मॅनेजरनं स्वतः सांगितलं, यावेळी माझ्यावर ढकललं नाही, एवढं त्याचं पुण्य.

"आता तुम्ही आराम करा, मावशी," तो सासूला म्हणाला.

"मटण चांगलं झालं होतं नं, साहेब?" सासूनं विचारलं.

त्यानं खाली पाहिलं. "खूप चांगलं झालं होतं."

"बस, तेवढंच इचारायचं होतं." तिनं टोपी टेबलावर ठेवली, बाजूच्या बाईला कोपरानं ढोसलं आणि दोघी गाडीची वाट न बघता पायीच निघाल्या. खिडकीतून मला त्या रस्त्यानं जाताना दिसल्या, मोठमोठ्यानं बोलत. मला खूप रडायला आलं, पण यंत्र चालू करून दाखवायला कंपनीचा माणूस आला होता.

मी अजून तिथंच आहे. बाजूच्या स्टूलवरची ती बाई आता रोज आमच्याकडे येते आणि थेट स्वयंपाकघरात बसते. चुलतसासूनं निरोप धाडला की ती येते तोवर आम्ही तुमच्या घरी पाय ठेवणार नाही. निरोप आणणाऱ्याला सासूनं पोटभर जेवू घातलं आणि सांगितलं, "बरं झालं. आमच्याकडं बसाले जागाच कमी पडून राहिली होती." चुलतसासू अजून आलेली नाही. परवा सकाळी मी कामावर निघाले तेव्हा दोघी अंगणात चिंचा फोडत, कुणाच्या तरी सुनेची निंदा करत बसल्या होत्या. माझीच असावी, कारण मी जवळून गेले तशा दोघीही गप्प झाल्या.