रुईचा चीक

शनिवारी सौंसरच्या बसस्टँडबाहेर मारुतीसाठी रुईच्या पानांचे हार विकायला असतात. त्या पानांचा कडवट वास आला, की मला तिगावच्या रेल्वे रुळांलगतची मे महिन्यातली एक दुपार आठवते.

मी चौदा वर्षांची होते, धाकटी बहीण सुषमा दहाची. हारासाठी पानं तोडायचं काम माझं होतं. चिकाने हात काळे पडतात म्हणून मी ते तिच्यावर ढकललं आणि पिशवी धरून उभी राहिले. त्या पांढुरक्या पानाचा देठ तुटला, की दुधासारखा चीक टपकायचा. घाम आला तसे तिने त्याच हातांनी डोळे पुसले.

थोड्या वेळाने ती म्हणाली, "ताई, धुकं पडून राहिलं का वं?"

ऊन डोक्यावर होतं. दूरचा सिग्नल स्वच्छ दिसत होता.

"डोये दुखून राहिले का?"

"नाही ना. तूच पुसट दिसून राहिली."

मी तिला ओढत हापशीवर नेलं आणि तिच्या डोळ्यांवर पाणी मारत राहिले. मग दोन बोटं समोर धरली. "किती हायेत?"

"काय किती?" तिने विचारलं.

डॉक्टरांनी थेंब दिले. चार दिवस मी तिच्या खाटेजवळून हलले नाही. पाचव्या दिवशी तिने हाराच्या सुईत दोरा ओवून दाखवला.

गेल्या शनिवारी आम्ही दोघी पुन्हा रुईपाशी होतो. मी पानाला हात लावताच सुषमा म्हणाली, "तू पिशवी धर वं. तुले सवय हाये."