वहिनींचा आवाज

रेवसपासून उरणपर्यंत पुरुषमंडळी जिला लांबून पाहूनच रस्ता बदलतात अशी एकच बाई आहे, आणि ती नेमकी माझी थोरली जाऊ आहे. वहिनी उभा जन्म बायकांच्या दुखण्यांवर बोलत आल्या, लिहीत आल्या, आणि बोलणं असं की देवळात उच्चारलेलं गर्भाशय धक्क्यावर ऐकू यावं. एकदा रेवसहून मुंबईला जाताना लाँचच्या इंजिनाच्या वर आवाज चढवून त्यांनी समोरच्या अनोळखी बाईला विचारलं, "काय गं, पांढरीफटक दिसतेस. अंगावरून फार जातं का?" मी मराठीची शिक्षिका, शब्दांवर पोट भरणारी. पण समुद्र जन्मात प्रथमच पाहत असल्यासारखी मान वळवून बसले. ती बाई मात्र पदर सावरत उठली आणि भाऊचा धक्का येईपर्यंत वहिनींच्या कानाशी लागून बोलत राहिली.

त्यांच्या पहिल्या पुस्तकाच्या मुखपृष्ठावर गर्भाशयाचं लालभडक चित्र होतं. सासूबाईंना ती जास्वंद वाटली. त्यांनी पुस्तक देवापुढे ठेवून त्याला हळदकुंकू वाहिलं. सांगायची कोणाची छाती होईना. वहिनींनी मात्र भर पंगतीत सांगून टाकलं. सासूबाई घास हातात धरून म्हणाल्या, "असू दे. वाहिलेलं कुंकू काय आता पुसायचं?" त्या संक्रांतीला वहिनींनी तेच पुस्तक वाण म्हणून लुटलं. बायकांनी ते पदराखाली लपवून घरी नेलं, आणि मी डोकं दुखतंय सांगून माडीवर जाऊन पडले.

कुणाच्याही घरी गेल्या की वहिनी आधी परसात जाऊन कपड्यांची दोरी बघणार. पाळीचं कापड साडीखाली लपवून वाळत घातलेलं दिसलं, की वरची साडी ओढून काढणार. "त्याला ऊन दाखव गं! चोरी केलीस का?" या सवयीपायी त्यांनी किती यजमानिणींना रडवलंय!

माझी पाळी बंद होऊन वर्ष उलटलं होतं, आणि मला पुन्हा रक्त दिसू लागलं. या वयात दुकानात पॅड कसं मागायचं, म्हणून मी जुनं सुती कापड वापरलं आणि धुऊन परकराखाली वाळत घातलं. घरात कोणाला काही बोलले नाही. वहिनी आल्या, परसात गेल्या, परकर ओढला. मी म्हटलं, "उष्णता असेल." त्या ओरडल्या नाहीत. एवढंच म्हणाल्या, "पाळी गेल्यावर रक्त दिसलं तर थांबायचं नाही, असं मी पुस्तकात लिहिलंय. प्रुफं तूच तपासलीस ना?" मला तोंड लपवायला जागा उरली नाही.

कॅन्सरच होता, पण वेळेत सापडला. मुंबईला नेऊन पिशवी काढली. गावात मी अपेंडिक्सचं ऑपरेशन म्हणून सांगितलं. वहिनींनी माझ्याकडे पाहिलं आणि "बरं" म्हणाल्या.

परवा उरणजवळच्या एका गावात त्यांची सभा होती. सोबत म्हणून मी गेले, मागे सतरंजीवर बसले. वहिनींनी नाव न घेता पाळी गेल्यावर रक्त दिसलेल्या एका बाईची गोष्ट सांगितली. पुढची एक आगरी बाई उठली. "मना पन तसाच होतंय," ती म्हणाली. "ती बाय जगली का नाय? आसंल तं दाखव ना मना. मना तिला इचारायचंय."

मी चार हातांवर होते. उठून उभं राहायचं, एवढंच काम होतं. मी सतरंजीचा दोरा ओढत बसले. वहिनींनी माझ्याकडे चुकूनही पाहिलं नाही. त्या खाली उतरल्या, त्या बाईचा हात हातात घेतला.

"जगली गं. चांगली आहे. उद्या मी तुझ्याबरोबर येते डॉक्टरकडे," त्या हळूच म्हणाल्या. "ती येईल कधीतरी. तिला बोलायला जरा वेळ लागतो."

जन्मात कोणासाठी आवाज खाली न घेतलेल्या बाईने तो माझ्यासाठी घेतला होता. मला मान वर करवेना.