खिळ्यावरचा हिरवा कप

ही हकिकत मी निवृत्तीच्या भाषणातही गाळली होती. त्यानंतरही बरीच वर्षं टाळली. आता लिहितो.

“तो हिरवा कप रिकामाच आहे की. त्यात द्या मला चहा,” मॅडम म्हणाल्या, आणि ग्रामपंचायतीत सगळ्यांचे कप हातातच राहिले.

मी वेल्ह्याकडच्या एका गावात ग्रामसेवक होतो. मॅडम विस्तार अधिकारी, म्हणजे माझ्या वरच्या. गावात जातीवरून भेदभाव होतो का, याचा तक्ता आला होता. पाणवठा, देऊळ, पंगत, चहाचे कप असे रकाने होते. घरोघर फिरून भरायचा. मी टेबलाशी बसून भरला. सगळीकडे ‘निरंक’. काही नाही, याला सरकारी भाषेत निरंक म्हणतात. मॅडम तो तपासायला आल्या होत्या. माणसं वाढली, कप कमी पडले.

हिरवा कप खिडकीबाहेर खिळ्याला टांगलेला असे. तो शांताबाईंचा. त्या दलित वस्तीतल्या, आमच्याकडे सफाईला. त्यांना चहा त्यातच, तोही वरून ओतून. मी आल्यावर खुर्च्या बदलल्या, पंखा बदलला. खिळा राहिला.

सरपंच आधी सावरले. “मॅडम, त्यो नगं. त्यानं फिनेल मापत्यात.”

दारातून शांताबाई म्हणाल्या, “आन् म्या नऊ वर्सं फिनेल पितीय व्हय?”

शिपाई हसला आणि लगेच खोकला. मॅडमनी पेन उघडलं. “बाई, तुम्हाला वेगळा कप का?”

शांताबाईंची नेमणूक अकरा महिन्यांची. पुढची ऑर्डर माझ्या सहीसाठी टेबलावर पडली होती. मी ती उचलली आणि तिनं वारा घेऊ लागलो. उकडत नव्हतं. तोरण्याकडून चांगलं गार वारं येत होतं.

शांताबाईंनी त्या कागदाकडे बघितलं. “मला हिरवा रंग लई आवडतो, मॅडम.”

“आणि मग बाहेर का टांगलाय?”

“उन्हात लवकर वाळतो,” सरपंच म्हणाले.

मॅडमना भोरची मीटिंग गाठायची होती. त्यांनी सही केली. गाव निरंक.

दुसऱ्या दिवशी मला उपरती झाली. मी खिळा उपटला आणि हिरवा कप ट्रेमध्ये ठेवला. चहा आला की सगळे झडप घालून पांढरे कप उचलू लागले. हिरवा उरायचा. त्या घाईत एकदा माझी जीभ भाजली, कारण मीही पांढराच उचलत होतो. शांताबाईंनी चहाच सोडला. “पित्त हुतं, भाऊसाहेब,” म्हणाल्या.

असले तक्ते टेबलाशी बसून भरू नयेत, असं प्रशिक्षणात सांगतात. खरं तर टेबलाशी बसूनही भरता आला असता. कप तिथून दिसत होता.

निवृत्तीनंतर कळलं, शांताबाई कामथडीला लेकीकडे राहतात. कापूरहोळला उतरून रिक्षा केली. एसटीत वाक्य पाठ केलं होतं : “शांताबाई, त्या दिवशी मी तो कागद हलवायला नको होता.”

त्यांनी खुर्ची दिली. लेकीनं चहा टाकला. शांताबाईंनी फळीवरचे कप काढून माझ्यासमोर मांडले. सगळे एकसारखे.

“कंच्यात देऊ, भाऊसाहेब?”

“कुठल्याही.”

चहा प्यालो. गोड झालाय म्हणालो. पाऊसपाण्याचं बोललो. उठलो तेव्हा त्यांनी दारात विचारलं, “एवढ्या लांब आला, काय काम हुतं?”

मी चप्पल घालत म्हणालो, “काही नाही.”