सक्करदऱ्यात राहून गेलेलं नाव

आमच्या क्रीडावाहिनीला मातीतल्या कुस्तीसाठी समालोचक हवा होता. माणसाला मैदानात बोलताना ऐकायचं आणि होय किंवा नाही सांगायचं, एवढ्या कामासाठी मी पुण्याहून नागपूरला गेले.

सकाळी स्टेशनाबाहेर पोहे घेतले. "तर्री (हरभऱ्याचा झणझणीत रस्सा) टाकू का वं ताई?" गाडीवालीने विचारलं आणि उत्तराआधीच ओतली. डोळ्यांत पाणी आलं, पण पोहे संपवले. रिक्षावाल्याने सक्करदरा तलावाच्या भलत्याच बाजूला सोडलं. पुढे कुस्तीच्या मैदानातल्या लाउडस्पीकरचा आवाज धरून चालत गेले.

आवाज वसंतरावांचा होता. बुटीबोरीच्या कापड कारखान्यात नोकरी, सुट्टीच्या दिवशी हातात माइक. वाहिनीचं काम मिळालं तर कारखाना सोडायचा, असं ते फोनवर म्हणाले होते. आवाज भरदार, डाव नेमका सांगत होते. प्रत्येक पहिलवानाचं गाव, वस्ताद आणि बापाचं नाव घेऊन मगच त्याला मातीत बोलवत होते. इथली रीतच तशी.

मग मुलींची जोड लागली. भंडाऱ्याच्या मुलीचं सगळं सांगितलं. बुटीबोरीच्या पल्लवीचं गाव आलं, वस्ताद आले, बापाचं नाव राहिलं. आवाजही एकदम सपाट झाला, बातम्या वाचल्यासारखा. मी मनात फुली मारली.

"हे असे काय बोलतायत?" मी शेजारच्या बाईंना विचारलं.

"अवं बाप्पा, त्याइचीच पोट्टी (मुलगी) हाये ते! बोलतीन कसे?"

पल्लवीने पट काढायला खाली वाकून पाय धरला. समोरचीने तिला तिथेच दाबून उलटवलं. वसंतराव थांबले नाहीत. "पल्लवीची पाठ लागली. चितपट. कुस्ती भंडाऱ्याची." मग जिंकलेल्या मुलीच्या बापाचं नाव त्यांनी दोनदा घेतलं.

पल्लवी अंगावरच्या मातीसकट थेट मंचापाशी आली.

"बाबा, माह्या बापाचं नाव काहून नाही घेतलं?"

"लोकं म्हणतीन, घरच्या पोट्टीची बाजू ओढून राहिला."

"जितली असती त घेतलं असतं ना?"

पुढची जोड मातीत उतरली होती. वसंतरावांनी माइक तोंडाशी नेला.

"मंडळी, आत्ता हरली त्या पल्लवीच्या बापाचं नाव राहिलं. वसंत. तो मीच."

कोणी टाळी वाजवली नाही. एक म्हातारे पहिलवान उभे राहिले आणि पुन्हा बसले. पल्लवी पाणी प्यायला गेली.

परतीच्या गाडीत वाहिनीच्या साहेबांचा फोन आला.

"आवाज कसा आहे?"

"चांगला. एका कुस्तीत पडला."

"मग नको. आपल्याला एकसारखा लागतो."

"ती त्यांच्या मुलीची होती. हरली. तरी त्यांनी शेवटपर्यंत सांगितली."

बाहेर बुटीबोरीच्या कारखान्यांची धुराडी मागे पडत होती. या कामात मी कितीतरी चांगले आवाज ऐकलेत. स्वतःच्या घरची हार त्यातला कोणता सांगू शकेल, हे तपासायची सोय आमच्याकडे नाही. ती त्या मातीत आपोआप झाली.

"कारखान्यात राजीनामा द्यायला सांगू का त्यांना?" मी विचारलं.

"सांगा," साहेब म्हणाले.