सायीचा डबा आणि आंबट पास्ता

मंडळी, आज दुपारी मी आयुष्यात पहिल्यांदा मश्रूम पास्ता केला आणि तो चक्क आंबट झाला!

माझी लेक जुई नवीन पनवेलच्या याच स्वयंपाकघरात दर रविवारी हा पास्ता करायची. क्रीमऐवजी फ्रिजमधली साय घालायची. मी तुपासाठी आठवडाभर साठवलेली साय! मी जाम ओरडायचे.

आता ती जर्मनीत आहे. साय पळवणारं कोणी नाही, म्हणून मी डब्यात पहिल्याच दिवशी विरजण लावते. आज नेमकं विरजण लावलंय हेच विसरले आणि सगळी साय पास्त्यात ओतली.

व्हिडिओ कॉलवर जुई पोट धरून हसली. "आई, तू तर मश्रूमला हातसुद्धा लावायची नाहीस. खाल्लास का?"

"खाल्ला. अख्खी वाटी."

 

संध्याकाळी दूध तापवलं, तेव्हा साय वेगळ्या वाटीत काढली. विरजण न लावता. जुई येणार थेट दिवाळीला आणि साय आठवड्यापलीकडे टिकत नाही, एवढं मला कळतं हो.

तरी ठेवली. तुम्हीही ठेवता का असं काही?